खाऊच्या मोबदल्यात : घरच्या सशाची शिकवण

वैनगंगेच्या पूर्व तीरावरील वडसा, म्हणजेच शासकीय दप्तरातील देसाईगंज, हे गाव धानाच्या गिरण्यांसाठी, गोंदिया-बल्लारशा लोहमार्गावरील आपल्या स्थानकासाठी आणि विशेषेकरून झाडीपट्टीच्या नाटकमंडळ्यांसाठी विदर्भात सर्वपरिचित आहे. दिवाळी सरली की येथून नाटकांचे संच गावोगाव निघतात ते थेट होळीपर्यंत. गावाबाहेर पडताच धानाच्या बांध्या लागतात आणि बांध्या संपतात तेथे वडसा वनविभागाचे जंगल सुरू होते. अशा मुलखातील माणसाला ससा हा प्राणी नवा नाही. पहाटे बांधीच्या धुऱ्यावरून उसळी मारून नाहीसा होणारा तपकिरी ससा येथील प्रत्येक शेतकऱ्याने पाहिलेला असतो. तथापि बाजारातून हौसेने विकत आणलेला, मऊ पांढऱ्या केसांचा आणि बहुधा लाल डोळ्यांचा जो ससा घराच्या पडवीत दिसतो, तो या रानातला नव्हे. हा ससा मुलांच्या आग्रहाखातर घरात येतो, चार दिवस कौतुकाचा विषय होतो आणि पुढे 'हा काही ऐकत नाही, हाती लागत नाही, सगळीकडे घाण करतो' या तक्रारींसह पिंजऱ्यात कायमचा बंद होतो. क्वचित त्याला 'मोकळे केले' असे म्हणत जंगलाच्या कडेला सोडूनही देण्यात येते. पिंजऱ्यात जन्मलेला पांढराशुभ्र प्राणी जंगलात कुत्रे, कोल्हे व घारी यांच्यापुढे फार काळ टिकू शकत नाही. वास्तविक हा प्राणी शिकतो, आणि चांगला शिकतो. मात्र त्याला शिकविण्याची रीत निराळी आहे.

एक नाव, दोन प्राणी

मराठीत 'ससा' हा एकच शब्द दोन भिन्न प्राण्यांना लावला जातो आणि त्यातून एक गैरसमज निर्माण होतो. आपल्या रानातील ससा बीळ करीत नाही. तो गवतात, झुडपाखाली अंग चोरून बसतो आणि केवळ धावण्याच्या बळावर जगतो. त्याची पिले जन्मतःच अंगावर केस आणि उघडे डोळे घेऊन येतात. घरचा ससा मूळचा स्पेन व पोर्तुगालच्या भूमीतला. त्याचे पूर्वज कळपाने राहणारे आणि जमिनीखाली बिळांचे जाळे खणणारे होते. त्याची पिले आंधळी व केसविरहित जन्मतात आणि काही दिवस ऊबदार घरट्यातच असतात. या दोघांचा संकर होत नाही. गुणसूत्रांची संख्याच वेगळी : घरच्या सशात 44, तर रानातील सशांत 48.

हा भेद केवळ पुस्तकी नाही. धानकापणीच्या किंवा तेंदूपाने तोडण्याच्या दिवसांत गवतात एकटे बसलेले पिलू सापडले की ते 'आईने टाकले' असे समजून घरी आणण्याची प्रवृत्ती आढळते. वस्तुतः रानसशाची मादी पिलांना दिवसभर मुद्दामच एकटी ठेवते, जेणेकरून तिच्या वासाने शत्रूचे लक्ष वेधले जाऊ नये; अंधार पडल्यावर ती थोडाच वेळ दूध पाजण्यास येते. असे पिलू घरी आणले की ते बहुधा दगावते. शिवाय वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, 1972 अन्वये रानससा संरक्षित असल्याने त्याला पकडणे वा बाळगणे हा गुन्हा ठरतो. कळपाने राहणाऱ्या प्राण्याला सोबतीची ओढ असते, म्हणून घरचा ससा माणसाला सोबती मानू शकतो. रानससा तसे मानीत नाही. सबब पुढील सर्व विवेचन केवळ घरच्या सशाविषयी आहे.

भय हाच त्याचा पहिला धडा

लोककथांनी सशाला कधी आभाळ कोसळल्याच्या भीतीने पळत सुटणारा भित्रा ठरविले, तर कधी सिंहाला विहिरीत उडी घ्यावयास लावणारा चतुर. गंमत अशी की घरच्या सशात हे दोन्ही स्वभाव एकत्र नांदतात. तो ज्यांचे भक्ष्य आहे अशा प्राण्यांची यादी लांबलचक असल्यामुळे निसर्गाने त्याचे शरीर सावधगिरीसाठी घडविले आहे. डोळे मस्तकाच्या दोन्ही बाजूंना असल्याने त्याला मान न वळविता जवळजवळ सभोवतालचे दिसते. परंतु अगदी नाकासमोर आणि हनुवटीखाली मात्र दिसत नाही. तेथील वस्तू तो वासाने व मिशांच्या स्पर्शाने ओळखतो. वरून खाली येणारा हात त्याला घारीच्या झडपेसारखा भासतो.

यावरून एक गोष्ट स्पष्ट व्हावी. बैलाला पराणी टोचून किंवा कुत्र्याला दरडावून काम करवून घेण्याची जी सवय आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या आहे, ती सशाच्या बाबतीत पूर्णतः निरुपयोगी ठरते. (बैलाच्या व कुत्र्याच्या बाबतीतही ती कितपत योग्य, हा प्रश्न वेगळा, प्राण्यांना क्रूरतेने वागविण्यास प्रतिबंध करणारा कायदा आपल्या देशात 1960 पासून आहे.) रागावलेला कुत्रा निदान मालकाकडे पाहतो. रागावलेला मालक पाहून ससा एवढेच शिकतो की या माणसापासून दूर राहणे हिताचे आहे. मागच्या पायांनी जमिनीवर जोराने आपटून तो धोक्याची सूचना देतो आणि त्यानंतर तासन्‌तास कोपऱ्यात बसून राहतो. त्या अवस्थेत त्याला काहीही शिकविता येत नाही.

सशाला कानांना धरून उचलण्याची पद्धत तर अत्यंत घातक आहे. सशाचा अस्थिसापळा त्याच्या वजनाच्या जेमतेम 7 ते 8 टक्के भरतो, मांजराचा 12 ते 13 टक्के. उलट त्याच्या मागच्या पायांत विलक्षण जोर असतो. हातातून सुटण्यासाठी त्याने दिलेल्या एका झटक्यात त्याचाच कणा मोडू शकतो. पकडण्याची वेळच येऊ नये, त्याने स्वतः होऊन जवळ यावे, टोपलीत बसावे आणि पिंजऱ्यात परतावे, ही या शिकवणीची खरी निकड होय. कसरतीचे प्रयोग करून दाखविणे हा दुय्यम भाग आहे.

बक्षिसाचे शास्त्र

ज्या कृतीचा परिणाम सुखकारक होतो ती कृती प्राणी पुन्हा करतो, हे तत्त्व अमेरिकन मानसशास्त्रज्ञ एडवर्ड थॉर्नडाइक यांनी पेटीत कोंडलेल्या मांजरांवरील प्रयोगांतून मांडले. त्यांचा प्रबंध 1898 मध्ये प्रसिद्ध झाला. पुढे बी. एफ. स्किनर यांनी उंदीर व कबुतरे यांवर प्रयोग करून बक्षीस केव्हा आणि किती वेळा द्यावे याचे नियम बसविले. स्किनर यांचे शिष्य असलेले केलर व मॅरियन ब्रेलँड हे दांपत्य हे ज्ञान प्रयोगशाळेबाहेर घेऊन गेले. त्यांनी 1947 मध्ये जाहिराती व प्रदर्शने यांसाठी प्राण्यांना शिकविण्याचा व्यवसायच सुरू केला. कोंबड्या, डुकरे, रॅकून, ससे असे नाना प्राणी त्यांच्या हाताखालून गेले.

या दांपत्याने 1961 साली लिहिलेला एक लेख मोठा मनोरंजक आहे. बक्षिसाने सर्व काही शिकविता येते या समजुतीला त्यांच्याच अनुभवाने कसा धक्का बसला, हे त्यात प्रामाणिकपणे नमूद केले आहे. पेटीत नाणे टाकण्यास शिकविलेले रॅकून नाणी सोडीनात, ती एकमेकांवर घासत बसू लागले. डुकरे नाणे टाकण्याऐवजी मुसंडीने जमिनीवर लोळवू लागली. आणि ससे तर खाऊच्या भांड्याकडे जाईनात. जातिस्वभाव हा शिकवणीपेक्षा प्रबळ ठरतो, असा त्याचा आशय. सशाच्या मालकाने हे विशेष लक्षात ठेवावयास हवे. मोकळ्या जागेत, अनोळखी भांड्यात ठेवलेला खाऊ कितीही आवडता असला, तरी तेथवर जाण्याचे भय सशाला त्याहून मोठे वाटू शकते. तेव्हा बक्षीस सशाजवळ जावयास हवे, आणि ससा बक्षिसाजवळ येईल तो पुढे, विश्वास बसल्यानंतर.

लालूच आणि बक्षीस यांतील फरकही येथेच समजून घ्यावा. खाऊ आधी दाखवून प्राण्याला ओढून आणणे ही लालूच. अपेक्षित कृती घडल्यानंतर खाऊ देणे हे बक्षीस. प्रारंभी लालूच थोडीबहुत चालते. पण ती लवकर सोडली नाही तर हात रिकामा दिसताच ससा पाठ फिरवितो, आणि मग सशाने माणसाला शिकविले की माणसाने सशाला, असा प्रश्न पडतो.

आरंभ कसा करावा

नवीन ससा घरी आणल्यानंतर पहिला आठवडा त्याला काहीही शिकवू नये. घराच्या शांत कोपऱ्यात त्याची जागा करावी, लपण्यासाठी आडोसा द्यावा. बुरडाकडून आणलेली एखादी मोठी बांबूची टोपली एका बाजूने कापून पालथी घातली तरी पुरेशी होते, आणि ती त्याने कुरतडली तरी अपाय नाही. त्याचे दात आयुष्यभर वाढत असल्याने कुरतडणे ही त्याची गरजच आहे. वडशासारख्या गावी नाटकांच्या हंगामात रात्री उशिरापर्यंत ध्वनिवर्धक चालू असतात. आवाजाच्या दिशेला असलेली खोली या कामी टाळावी.

दुसऱ्या आठवड्यापासून घरातील एकाच व्यक्तीने रोज जमिनीवर, शक्यतो आडवे होऊन, सशापासून थोड्या अंतरावर स्वस्थ बसावे. कुतूहल हा सशाचा मोठा गुण आहे. तो येतो, हुंगतो आणि पळून जातो. असे होत असताना हात पुढे करण्याचा मोह कटाक्षाने टाळावा. तो स्वतःहून येऊन अंगावर पुढचे पाय ठेवू लागला, की शिकवणीस सुरुवात करण्यास हरकत नाही.

प्रथम त्याला एका खुणेचा अर्थ शिकवावयाचा असतो. जिभेने काढलेला 'टक्' असा आवाज किंवा बटणाच्या बॉलपेनचा आवाज यासाठी चालतो. आवाज हलका आणि नेहमी एकसारखा असावा. टक् केले की लगेच कोथिंबिरीचे एक पान त्याच्या ओठाच्या कडेशी धरावे. नाकासमोर धरल्यास ते त्याला दिसत नाही आणि कधी कधी घाईत बोटालाच दात लागतो. असे एका बैठकीत दहा-पंधरा वेळा केले आणि दोन-तीन दिवस चालू ठेवले, की टक् ऐकताच ससा खाऊच्या अपेक्षेने मान वळवितो. खुणेचा अर्थ त्याला समजला, असे त्यावरून ओळखावे. येथून पुढे ही खूण म्हणजे 'तू आत्ता केलेस ते बरोबर' अशी पावती होय. ही पावती कृतीच्या क्षणीच मिळावयास हवी. दोन-तीन सेकंदांचा उशीर झाला तर ससा तोवर वळून कान खाजवू लागलेला असतो, आणि बक्षीस कान खाजविण्याचे आहे असे तो समजतो.

त्यानंतर लाकडी डावाचा दांडा त्याच्यापुढे हातभर अंतरावर धरावा. कुतूहलाने तो नाक लावतो. त्याच क्षणी टक् आणि खाऊ. आठवडाभरात तो दांड्यामागे चार पावले चालू लागतो. हा साधा धडा पुढील सर्व धड्यांचा पाया आहे, कारण दांडा जेथे नेता येतो तेथे ससाही नेता येतो : पिंजऱ्यात, टोपलीत, तराजूच्या तबकावर. टोपलीचा धडा घाईने देऊ नये. पहिल्या दिवशी टोपलीकडे पाहिले तरी बक्षीस, मग एक पाय आत ठेवला की, मग दोन्ही, आणि पूर्ण आत बसू लागल्यावर झाकण क्षणभर लावून लगेच उघडावे. एखाद्या पायरीवर तो अडला तर त्याअलीकडच्या पायरीवर परत यावे. रेटण्यात अर्थ नसतो. दोन-तीन आठवड्यांत ससा टोपली दिसताच आपणहून आत शिरतो. मग पशुवैद्यकीय दवाखान्यात नेण्याच्या दिवशी पळापळ आणि धरपकड होत नाही.

नाव घेऊन हाक मारावी आणि तो आल्यावर खाऊ द्यावा, हा धडा वरील धड्यांसोबत आपोआप होतो. मात्र हाक मारून त्याला औषध पाजणे किंवा नखे कापणे असे कधी करू नये. एकदा फसलेला ससा हाकेला येण्याचे सोडून देतो, आणि त्यात त्याची चूक नाही.

बैठक तीन ते पाच मिनिटांची असावी, दिवसातून दोनदा. ससा स्वभावतः पहाटे आणि तिन्हीसांजेला तरतरीत असतो, भर दुपारी पेंगतो. वडसा-ब्रह्मपुरी परिसरात तर ही वेळ पाळणे त्याच्या जिवाशी निगडित आहे. मे महिन्यात येथील पारा 45 अंशांपलीकडे जातो आणि ब्रह्मपुरीचे नाव देशातील अत्युष्ण ठिकाणांत वारंवार येते. सशाला घाम येत नाही. अंगातील उष्णता तो मुख्यतः कानांवाटे बाहेर टाकतो. तापमान 30 अंशांवर गेले की तो अस्वस्थ होतो आणि 35 अंशांपुढे त्याला उष्माघाताचा धोका संभवतो. टिनाच्या छपराखालील पिंजरा उन्हाळ्यात प्राणघातक ठरतो. मातीच्या भिंतीची गार खोली, ओले पोते टांगलेली खिडकी, निजण्यास ओलसर थंड फरशी आणि सदैव भरलेले पाण्याचे भांडे, एवढे करता येत नसेल तर या भागात ससा पाळू नये, हेच उचित.

शौचाची शिस्त

या विषयात ससा अपेक्षेपेक्षा लवकर शिकतो, कारण एका ठराविक कोपऱ्यात लघवी करणे ही त्याची मूळचीच सवय आहे. कोपरा त्याने निवडावा, पसरट ताट आपण तेथे न्यावे. ताटात वर्तमानपत्राचे जाड थर आणि वर धानाची तणस पसरावी. त्याच्या वरच्या बाजूला ताज्या गवताची पेंडी टांगावी, कारण सशाला खाता खाता विधी उरकण्याची सवय असते. ताटात बसला की टक् आणि खाऊ. बाहेर केले तर मुकाट्याने पुसून घ्यावे व भिजलेला कागद ताटात टाकावा, म्हणजे वासाने त्याला जागा कळते. वयात आलेला नर मात्र हद्द आखण्यासाठी शिंतोडे उडवितो. ही बेशिस्त नसून निसर्ग आहे, आणि तिचा इलाज शिकवणीत नव्हे तर पशुवैद्यकाकडून करून घ्यावयाच्या नसबंदीत आहे. नर-मादी एकत्र ठेवणाऱ्यांनी तर याचा विचार अगोदरच करावा. मादीचा गर्भकाळ केवळ महिनाभराचा असतो.

खाऊ कोणता, किती

चांगल्या हेतूने सर्वाधिक अनर्थ घडतो तो येथे. धानाच्या मुलखात हाताशी असतात ते मुरमुरे, पोहे आणि शिजलेला भात. जोडीला बिस्किटे, गुळाचा खडा, मोसमात मोहफुले. ससा हे सर्व आवडीने खातो, म्हणून ते त्याला मानवते असे नव्हे. त्याच्या आतड्यात एक मोठी पिशवी असते व तीत असंख्य सूक्ष्म जीव गवतातील तंतुमय भाग आंबवून पचवितात. त्यातून तयार झालेल्या मऊ गोळ्या ससा गुदद्वाराशी तोंड नेऊन पुन्हा खातो. अनेकांना हे पाहून किळस येते व ते त्याला हटकतात. परंतु त्याच्या पोषणासाठी ही क्रिया आवश्यक आहे. पिष्टमय व गोड पदार्थ अधिक झाले की या सूक्ष्म जीवांचा समतोल ढळतो, पोट फुगते, आतड्याची हालचाल मंदावते. सशाला उलटी होऊ शकत नाही, त्यामुळे आत गेलेले बाहेर काढण्याचा तो मार्गही बंद असतो.

म्हणून आहाराचा बहुतांश भाग गवतच असावे : हरळी, कुरणातील मिश्र गवत, वाळवून ठेवलेला चारा. निव्वळ तणस पोषणास पुरत नाही. लसूणघास वाढत्या पिलांना उपयुक्त, प्रौढांना बेताने. बक्षीस म्हणून कोथिंबिरीची पाने, पुदिन्याचे पान किंवा गाजराचा नखाएवढा काप उत्तम. गाजर हे सशाचे मुख्य अन्न अशी चित्रांतून पसरलेली समजूत चुकीची आहे. त्यात साखर बरीच असते. केळ्याचा वाटाण्याएवढा तुकडा एखाद्या अवघड धड्यासाठी राखून ठेवावा. खाऊचा आकार लहान असला तरी बक्षिसाचे मोल कमी होत नाही, हे पुष्कळांना पटत नाही. पण सशाला 'मिळाले' हे कळण्यास एक पानही पुरते. धडा पक्का झाल्यानंतर दर खेपेस खाऊ देण्याचीही गरज नसते. कधी दिला, कधी केवळ कपाळ कुरवाळले, तरी तो शिकलेले विसरत नाही.

शिकलेला ससा काय काय करू शकतो, याची कल्पना स्वीडनमधील सशांच्या उडी-शर्यतींवरून यावी. घोड्यांच्या अडथळा-शर्यतींचे नियम घेऊन तेथे 1970 च्या दशकात हा खेळ सुरू झाला आणि पुढे इतर देशांतही पसरला. आपल्या पडवीत दोन विटांवर आडवी काठी ठेवून मुलांना हा खेळ सहज खेळता येईल. फरशी गुळगुळीत असल्यास पोते अंथरावे, अन्यथा पाय घसरून इजा होते. आनंदलेला ससा शिकवता शिकवता मध्येच हवेत उसळी मारून अंगाला पीळ देतो. ते पाहिले की त्या दिवसाची बैठक तेथेच थांबविणे चांगले.

रोजच्या या पाच मिनिटांचा आणखी एक लाभ आहे, आणि तो कदाचित सर्वांत महत्त्वाचा. ससा आपले दुखणे लपवितो. रानात दुबळेपणा दाखविणारा प्रथम मारला जातो, त्याची ही शिदोरी. पिंजऱ्यात दुरून पाहिलेला आजारी ससा नुसता शांत बसल्यासारखा दिसतो. परंतु टक् ऐकून रोज धावत येणारा ससा एके सकाळी आला नाही, कोथिंबिरीच्या पानाकडे त्याने तोंड फिरविले, दात मोठ्याने खाऊ लागला, तर काहीतरी बिघडले आहे हे घरातील लहान मुलालाही कळते. दहा-बारा तास पोटात काही न जाणे आणि लेंड्या न पडणे ही सशाच्या बाबतीत प्राणांतिक आणीबाणी समजावी. अशा वेळी घरगुती काढे देत दिवस घालवू नये. टोपली पुढे ठेवावी, ससा आत बसला की झाकण लावावे आणि तडक पशुवैद्यकीय दवाखाना गाठावा. तेथे त्याने शेवटचे केव्हा खाल्ले, लेंड्या कशा व किती होत्या आणि तराजूवर मागील आठवड्यात किती वजन भरले होते, ही माहिती सांगता आली तर डॉक्टरांचे अर्धे काम हलके होते.